शिक्षकांचे स्थायीकरण

तात्पुरत्या स्वरूपात नेमणूक होऊन अनेक वर्षे अध्यापन करीत असलेल्या शिक्षकांना सार्वजनिक सेवेत कायम करून घेण्याची प्रक्रिया. हिलाच नियमितीकरण किंवा सेवेत सामावून घेणे असेही म्हणतात. उत्तर प्रदेशात ह्यासाठी ‘समायोजन’ हा शब्द रूढ आहे. महाराष्ट्रात मात्र समायोजन म्हणजे अतिरिक्त ठरलेल्या कायम शिक्षकास दुसऱ्या शाळेत पद देणे होय. ज्याच्याकडून राज्यसंस्थेने दहा-वीस वर्षे काम घेतले, त्याला त्या कामाचे स्थैर्य द्यावयाचे, की त्या पदासाठी अर्ज करण्याची संधीच ज्यांना मिळाली नाही अशा उमेदवारांसाठी ते पद खुले ठेवावयाचे, हा ह्या विषयाच्या मुळाशी असलेला प्रश्न आहे. दोन्ही बाजूंस न्यायाचा आधार आहे. म्हणूनच भारतात ह्या प्रश्नाने विधिमंडळे, न्यायालये आणि शिक्षक संघटना ह्यांना गेली चार दशके व्यापलेले आहे.

संज्ञा व प्रकार : अस्थायी शिक्षकांचे स्थूलमानाने चार प्रकार आढळतात. कायम शिक्षक रजेवर गेल्यामुळे वा पद तात्पुरते रिकामे झाल्यामुळे नेमलेला तो हंगामी शिक्षक. नियमित निवड होईपर्यंत कामचलाऊ व्यवस्था म्हणून नेमलेला तो तदर्थ शिक्षक. ठराविक मुदतीच्या करारावर, एकत्रित मानधन देऊन नेमलेला तो कंत्राटी शिक्षक. शिक्षाकर्मी, शिक्षामित्र, नियोजित शिक्षक, निमशिक्षक ही त्याचीच प्रांतोप्रांतीची नावे होत. प्रत्यक्ष घेतलेल्या तासांपुरताच मोबदला मिळणारा तो तासिका तत्त्वावरील शिक्षक. पहिल्या प्रकारातील नेमणूक शाळेच्या दैनंदिन व्यवहारात अटळ असते व तिच्याविषयी सहसा वाद नसतो. वाद उद्भवतो तो उरलेल्या तीन प्रकारांत. कारण तेथे काम कायम स्वरूपाचे असते आणि केवळ नेमणूक तात्पुरती असते.

नेमणुकीचे तात्पुरतेपण टिकविण्याचे मुख्य साधन म्हणजे सेवाखंड. दिल्ली विद्यापीठाच्या महाविद्यालयांत तदर्थ अध्यापकांच्या नेमणुका चार-चार महिन्यांच्या असत व दोन नेमणुकांमध्ये खंड दाखविला जाई. हरियाणात सत्रारंभी शिक्षक नेमून उन्हाळी सुटीपूर्वी त्यांची सेवा संपवीत आणि पुढच्या सत्रात त्यांना पुन्हा नेमीत. १९८५ साली रतनलाल विरुद्ध हरियाणा राज्य ह्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ह्या पद्धतीचा कठोर शब्दांत निषेध केला, अशा शिक्षकांना सुटीतील वेतन देण्याचा आदेश दिला आणि रिक्त पदे नियमांनुसार भरण्यास सांगितले. सुटीत पगार नाही, आजारपणाची रजा नाही, पुढील वर्षीच्या नेमणुकीची शाश्वती नाही आणि निवृत्तिवेतनाचा प्रश्नच नाही, अशी ह्या वर्गाची सर्वसाधारण स्थिती राहिली आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी : शिक्षकाच्या सेवेचे स्थैर्य हे शिक्षणाच्या आणि शिक्षकाच्या अशा दोघांच्याही हिताचे आहे, हे तत्त्व युनेस्को व आंतरराष्ट्रीय श्रम संघटना ह्यांनी ५ ऑक्टोबर १९६६ रोजी स्वीकारलेल्या शिक्षकांच्या दर्जाविषयीच्या शिफारशींत स्पष्टपणे नमूद आहे. तथापि भारतात १९८० नंतर प्राथमिक शिक्षणाचा विस्तार ज्या वेगाने करावयाचा होता, त्या वेगाने कायम पदे निर्माण करण्याची राज्यांची तयारी वा ऐपत नव्हती. राजस्थानात १९८७ साली स्वीडनच्या साहाय्याने शिक्षाकर्मी प्रकल्प सुरू झाला. जेथे नेमलेला शिक्षक पोहोचतच नसे अशा दुर्गम खेड्यांत त्याच गावातील अल्पशिक्षित तरुणांना प्रशिक्षण देऊन शाळा चालविण्यास देणे, हे त्याचे स्वरूप होते. मध्य प्रदेशात पंचायतींमार्फत शिक्षाकर्मी नेमण्याची पद्धत रूढ झाली, नियमित प्राथमिक शिक्षकांचा संवर्ग ‘मृत संवर्ग’ ठरविण्यात आला आणि १९९७ पासून शिक्षण हमी योजनेखाली वस्तीवस्तीवर मानधनी ‘गुरुजी’ नेमले गेले. उत्तर प्रदेशात १९९९ च्या शासकीय आदेशाने शिक्षामित्र योजना अवतरली. २००१ पासून सर्व शिक्षा अभियानाचा निधी उपलब्ध झाला. परंतु तो प्रकल्पाचा निधी असल्याने त्यातून होणाऱ्या नेमणुकाही प्रकल्पापुरत्याच मानल्या गेल्या.

ह्या योजनांचे दोन पैलू लक्षात घेतले पाहिजेत. एकीकडे, त्यांच्यामुळे लक्षावधी मुलांच्या पायवाटेच्या टप्प्यात शाळा आली व स्थानिक सुशिक्षित तरुणांना, विशेषतः स्त्रियांना, काम मिळाले. दुसरीकडे, आपत्कालीन उपाय म्हणून स्वीकारलेली व्यवस्था नियमित भरतीची जागा घेऊन बसली. एकाच शाळेत, एकाच इयत्तेस शिकविणाऱ्या दोन शिक्षकांच्या मासिक प्राप्तीत कित्येक पटींचे अंतर पडले आणि जी नेमणूक अकरा महिन्यांची म्हणून झाली, ती नूतनीकरण होत होत पंधरा-वीस वर्षांची झाली.

घटनात्मक चौकट : भारतीय संविधानाच्या अनुच्छेद १४ ने कायद्यापुढील समानता आणि अनुच्छेद १६ ने सार्वजनिक सेवेतील समान संधी ह्यांची हमी दिली आहे. अनुच्छेद ३०९ खाली भरतीचे व सेवाशर्तींचे नियम केले जातात. समान संधी म्हणजे पदाची जाहिरात, पात्र उमेदवारांना अर्ज करण्याची मोकळीक, गुणवत्तेनुसार निवड आणि आरक्षणाच्या बिंदुनामावलीचे पालन. ज्या नेमणुकीत ह्यांपैकी काहीच झाले नाही, ती पुढे कायम करणे म्हणजे मागील दाराने प्रवेश देणे होय, असा आक्षेप घेतला जातो. नियमितीकरण ही भरतीची पद्धत होऊ शकत नाही, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने नंजुंडप्पा खटल्यात १९७० नंतरच्या आरंभीच्या वर्षांतच मांडले होते. असे असूनही १९८० ते २००० ह्या काळात अनेक न्यायालयांनी, दीर्घ सेवेमुळे निर्माण होणारा अन्याय दूर करण्यासाठी, अस्थायी कर्मचाऱ्यांना कायम करण्याचे आदेश दिले.

ह्या परस्परविरोधी निर्णयांचा निरास करण्याचा प्रयत्न १० एप्रिल २००६ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी ह्या खटल्यात केला. खटला कर्नाटकातील रोजंदारी व कंत्राटी कर्मचाऱ्यांचा होता. परंतु त्याचा परिणाम सर्व सार्वजनिक सेवांवर झाला. केवळ दीर्घकाळ काम केले म्हणून कायम होण्याचा हक्क उत्पन्न होत नाही आणि न्यायालयांनी सामान्यतः तसे आदेश देऊ नयेत, असा निर्णय पीठाने दिला. मात्र त्याच निर्णयात एक महत्त्वाचा भेद केला आहे : नेमणूक ‘बेकायदेशीर’ होती की केवळ ‘अनियमित’? पात्रता नसताना किंवा मंजूर पदच नसताना झालेली नेमणूक बेकायदेशीर होय. उलट, मंजूर व रिक्त पदावर पात्र व्यक्तीची नेमणूक झाली, परंतु निवडीच्या विहित कार्यपद्धतीत उणीव राहिली, तर ती अनियमित होय. अशा अनियमित नेमणुकीवर न्यायालयीन आदेशांच्या आश्रयाविना ज्यांनी दहा वर्षे वा अधिक सेवा केली असेल, त्यांचा विचार राज्यांनी एकवेळचा उपाय म्हणून करावा, असे पीठाने सांगितले. २०१० च्या केसरी खटल्यात ह्याचा खुलासा झाला : पात्र असलेल्या सर्वांचा विचार होईपर्यंत हा एकवेळचा उपाय पूर्ण झाला असे मानता येणार नाही.

उमादेवी निर्णयाचा हेतू राज्यांनी तात्पुरत्या नेमणुका थांबवून नियमित भरती करावी हा होता. व्यवहारात त्याचा पूर्वार्ध तेवढा वापरला गेला. कायम करण्यास नकार देताना ह्या निर्णयाचा हवाला देण्यात आला आणि नव्या तात्पुरत्या नेमणुका मात्र चालूच राहिल्या. २० डिसेंबर २०२४ रोजी जग्गो विरुद्ध भारत सरकार ह्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ह्या विपर्यासावर बोट ठेवले. ऑगस्ट २०२५ मध्ये धरमसिंग खटल्यात, राज्यसंस्था ही घटनेने बांधलेली मालक असल्याने आर्थिक ओढाताणीचे कारण पुढे करून तिला कायम स्वरूपाचे काम कायमचे तात्पुरत्या माणसांकडून करवून घेता येणार नाही, ह्या आशयाची भूमिका घेण्यात आली. ह्या दोन्ही खटल्यांतील कर्मचारी शिक्षक नव्हते. तथापि त्यांतील तत्त्व शिक्षकांनाही लागू पडते.

वेतनाचा प्रश्न स्थायीकरणाहून वेगळा आहे. २०१६ साली पंजाब राज्य विरुद्ध जगजितसिंग ह्या खटल्यात, कायम कर्मचाऱ्यासारखेच काम करणाऱ्या अस्थायी कर्मचाऱ्यास त्या पदाच्या वेतनश्रेणीतील किमान वेतन मिळाले पाहिजे, असे ठरले. ऑगस्ट २०२५ मध्ये गुजरातेतील शासकीय अभियांत्रिकी महाविद्यालयांच्या कंत्राटी सहायक प्राध्यापकांना हाच न्याय मिळाला. ह्याउलट बिहारमधील नियोजित शिक्षकांचा समान वेतनाचा दावा १० मे २०१९ रोजी फेटाळण्यात आला. कारण त्यांचा संवर्गच वेगळ्या नियमांनी, वेगळ्या पद्धतीने निर्माण झालेला आहे, असे न्यायालयाने मानले.

शिक्षामित्रांचे प्रकरण : स्थायीकरणाच्या प्रश्नातील सर्व ताण उत्तर प्रदेशातील शिक्षामित्रांच्या प्रकरणात एकत्र आलेले दिसतात. गावपातळीवर निवडलेले हे तरुण सुरुवातीस अल्प मानधनावर काम करीत होते. १ एप्रिल २०१० पासून बालकांचा मोफत व सक्तीच्या शिक्षणाचा अधिकार अधिनियम, २००९ अंमलात आला. त्याच्या कलम २३ नुसार शिक्षकाची किमान अर्हता राष्ट्रीय पातळीवर ठरू लागली आणि शिक्षक पात्रता परीक्षा आवश्यक झाली. शिक्षामित्रांना दूरस्थ पद्धतीने प्रशिक्षण देण्यात आले. २०१४ मध्ये राज्य शासनाने नियमांत दुरुस्ती करून, पात्रता परीक्षेची अट न लावता, त्यांना सहायक अध्यापक म्हणून सामावून घेण्यास प्रारंभ केला. सुमारे पावणेदोन लाख लोकांच्या भवितव्याशी हा निर्णय निगडित होता.

१२ सप्टेंबर २०१५ रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने हे समायोजन रद्द केले आणि २५ जुलै २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द करणे योग्य ठरविले. ज्यांची मूळ नेमणूक नियमित शिक्षक म्हणून झालीच नव्हती आणि ज्यांच्याकडे विहित अर्हता नव्हती, त्यांना मुलांच्या दर्जेदार शिक्षणाच्या हक्काचा बळी देऊन कायम करता येणार नाही, हा ह्या निर्णयाचा गाभा होय. मात्र दीर्घ सेवेची दखल म्हणून, पात्रता परीक्षा उत्तीर्ण होणाऱ्यांना पुढील दोन भरतींत वयाची सवलत व अनुभवाचा भारांश देण्याची मुभा न्यायालयाने ठेवली. नंतर राज्य शासनाने त्यांना दरमहा १०,००० रु. मानधनावर ठेवले. नियमित अध्यापकाचे वेतन काही काळ मिळाल्यावर पुन्हा मानधनावर येणे हा त्या कुटुंबांना बसलेला मोठा धक्का होता. काही शिक्षामित्र पुढे परीक्षा देऊन नियमित अध्यापक झाले. बहुसंख्यांना ते वयामुळे वा गुणांच्या मर्यादेमुळे साधले नाही. चूक प्रथम राज्याची होती, तिची किंमत मात्र शिक्षामित्रांना मोजावी लागली.

महाराष्ट्रातील स्थिती : खाजगी अनुदानित शाळांतील शिक्षकांच्या संरक्षणासाठी महाराष्ट्राने महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७ हा कायदा केला व १९८१ साली त्याखालील नियमावली केली. कायम रिक्त पद शक्य तितक्या लवकर अर्हताप्राप्त व्यक्तीची नेमणूक करून भरावे, तिने दोन वर्षांचा परिवीक्षा काळ पूर्ण केल्यावर ती कायम झाली असे मानावे आणि अन्यायकारक बडतर्फीविरुद्ध तिला शाळा न्यायाधिकरणाकडे दाद मागता यावी, अशी ह्या कायद्याची रचना आहे. परिवीक्षेवर नेमलेला शिक्षक आणि तात्पुरत्या पदावर नेमलेला शिक्षक ह्यांत ह्या कायद्याने केलेला भेद निर्णायक ठरतो. नेमणूकपत्रातील एका शब्दावर अनेकांची सेवा टिकली किंवा गेली आहे.

२००० साली महाराष्ट्राने शिक्षणसेवक योजना सुरू केली. नव्या शिक्षकाने आरंभीची तीन वर्षे ठराविक मानधनावर काम करावे आणि ती समाधानकारकपणे पूर्ण झाल्यावर त्याला नियमित वेतनश्रेणीत घ्यावे, असे तिचे स्वरूप आहे. हे मानधन दीर्घकाळ प्राथमिक, माध्यमिक व उच्च माध्यमिक स्तरांसाठी अनुक्रमे ६,०००, ८,००० व ९,००० रु. राहिले; २०२३ च्या आरंभापासून ते अनुक्रमे १६,०००, १८,००० व २०,००० रु. करण्यात आले. मानधनाच्या तुटपुंजेपणाबद्दल ह्या योजनेवर रास्त टीका झाली. तथापि तिच्यात एक गुण आहे : निवड प्रारंभीच होते आणि कायम होण्याचा दिवस आधीच ठाऊक असतो. २०१७ पासून अभियोग्यता चाचणी व ‘पवित्र’ ही संगणकीय प्रणाली ह्यांद्वारे निवड होऊ लागल्याने प्रवेशाची कसोटीही अधिक एकसारखी झाली आहे.

वस्तीशाळांवरील निमशिक्षकांचा अनुभव ह्याहून भिन्न आहे. डोंगरदऱ्यांतील व तांड्यांवरील छोट्या वस्त्यांत अत्यल्प मानधनावर शाळा चालविणारे हे स्वयंसेवक पुढे प्रशिक्षित झाले, वस्तीशाळांचे नियमित प्राथमिक शाळांत रूपांतर झाले आणि २०१४ मध्ये निमशिक्षकांना प्राथमिक शिक्षक म्हणून नियमित करण्यात आले. परंतु आधीच्या वर्षांची सेवा ज्येष्ठता व निवृत्तिवेतन ह्यांसाठी धरावयाची की नाही, हा प्रश्न शिल्लक राहिला. महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ रोजी वा त्यानंतर सेवेत आलेल्यांना अंशदायी निवृत्तिवेतन योजना लागू झाली. त्यामुळे ‘सेवेत आल्याचा दिनांक’ कोणता मानावयाचा, ह्या तांत्रिक भासणाऱ्या मुद्द्यावर संबंधित शिक्षकाच्या वार्धक्याची तरतूद अवलंबून असते.

तंत्रशिक्षणाच्या क्षेत्रात मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०१३ साली दिलेला निर्णय मार्गदर्शक आहे. शासकीय तंत्रनिकेतनांतील हे कंत्राटी अधिव्याख्याते जाहिरात देऊन व निवड समितीमार्फत नेमलेले होते. त्यांचा प्रवेश मागील दाराने झालेला नसल्याने उमादेवी निर्णय त्यांच्या आड येत नाही, असे मानून तीन वर्षांची सेवा झालेल्यांना नियमित करण्याचा आदेश देण्यात आला. ह्याउलट वरिष्ठ महाविद्यालयांत नियमित भरती दीर्घकाळ रखडल्यामुळे तासिका तत्त्वावरील अध्यापकांचा मोठा वर्ग निर्माण झाला आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या विनियमांनी कंत्राटी अध्यापकांचे प्रमाण एकूण पदांच्या दहा टक्क्यांहून अधिक असू नये असे ठरविले. तथापि तासिका तत्त्वावरील अध्यापकाची गणना पदावरील व्यक्ती म्हणून होतच नसल्याने अशा मर्यादेचा त्याला फारसा लाभ झाला नाही. नेट किंवा सेट उत्तीर्ण, बहुधा विद्यावाचस्पती पदवी घेतलेला आणि चाळिशी ओलांडलेला हा अध्यापक अनेकदा एकाच दिवशी दोन गावांच्या महाविद्यालयांत तास घेऊन चरितार्थ चालवितो.

अन्य राज्यांतील मार्ग : राज्यांनी अनुसरलेले मार्ग तीन गटांत मांडता येतात. पहिला, वेगळा संवर्ग करून क्रमाने सामावून घेण्याचा. मध्य प्रदेशाने २००७ मध्ये अध्यापक संवर्ग निर्माण केला आणि २०१८ मध्ये त्यातील शिक्षकांना शालेय शिक्षण विभागाच्या सेवेत घेतले. त्याच वर्षी छत्तीसगढने आठ वर्षे सेवा झालेल्या शिक्षाकर्मींचे संविलयन केले. दुसरा, सेवेत असलेल्यांची कसोटी घेऊन कायम करण्याचा. बिहारने २०२३ अखेर विशिष्ट शिक्षक नियमावली केली व २०२४ पासून नियोजित शिक्षकांची सक्षमता परीक्षा घेऊन उत्तीर्णांना राज्य कर्मचाऱ्याचा दर्जा दिला. तिसरा, आधीच ठरलेल्या मुदतीनंतर आपोआप कायम करण्याचा. जम्मू-काश्मीरमधील ‘रहबर-ए-तालीम’ योजनेत (२०००–१८) पाच वर्षांच्या समाधानकारक सेवेनंतर शिक्षक नियमित होई. ओडिशाने २०२२ मध्ये कंत्राटी भरतीची पद्धतच बंद केल्याचे जाहीर करून सर्व विभागांतील मिळून ५७ हजारांवर कर्मचाऱ्यांना नियमित केले.

केवळ खुल्या मुलाखतींचा मार्ग अनुसरल्यास काय घडते, ह्याचे उदाहरण दिल्ली विद्यापीठात आढळते. २०२२ नंतर तेथे मोठ्या प्रमाणावर कायम नेमणुका झाल्या. परंतु दहा-पंधरा वर्षे त्याच महाविद्यालयांत शिकविणारे अनेक तदर्थ अध्यापक मुलाखतीनंतर सेवेबाहेर गेले. औपचारिक दृष्ट्या समान संधीचे तत्त्व पाळले गेले. तथापि एका छोट्या मुलाखतीपुढे दशकभराच्या अध्यापनाला किती मोल असावे, हा प्रश्न अनुत्तरित राहिला.

यूरोपातील अनुभव : हा प्रश्न केवळ भारताचा नाही. इटलीच्या संविधानाचा अनुच्छेद ९७ सार्वजनिक सेवेतील प्रवेश स्पर्धेद्वारे व्हावा असे सांगतो. तरीही तेथील शाळांत लक्षावधी शिक्षक वर्षानुवर्षे एकेका वर्षाच्या करारावर काम करीत राहिले. अनेकांचे करार ३० जून रोजी, म्हणजे सुटीच्या तोंडावर, संपत. हरियाणातील पद्धतीशी हे साम्य लक्षणीय आहे. मुदतबंद करारांच्या गैरवापराविरुद्ध यूरोपीय संघाचा १९९९ चा निर्देश होता. त्याच्या आधारे यूरोपीय न्यायालयाने २६ नोव्हेंबर २०१४ रोजी मास्कोलो खटल्यात, स्पर्धा परीक्षा केव्हा होणार ह्याची निश्चिती नसताना असे करार वारंवार वाढविणे निर्देशाविरुद्ध आहे, असे ठरविले. त्यानंतर २०१५ च्या शालेय सुधारणा कायद्याने इटलीत मोठ्या प्रमाणावर कायम नेमणुका झाल्या. स्पेनने डिसेंबर २०२१ च्या कायद्याने सार्वजनिक सेवेतील अस्थायींचे प्रमाण आठ टक्क्यांखाली आणण्याचे उद्दिष्ट ठेवले. तात्पुरत्या व्यक्ती दीर्घकाळ असलेली पदे खुल्या प्रक्रियेने भरावी, परंतु तीत अनुभवास मोठा भारांश द्यावा, आणि अतिदीर्घ काळ तशीच राहिलेली पदे केवळ गुणांकनाने भरावी, अशी ही मध्यममार्गी व्यवस्था आहे. पद हे व्यक्तीला बक्षीस म्हणून मिळत नाही आणि व्यक्तीचा अनुभवही शून्य धरला जात नाही, हे तिचे वैशिष्ट्य होय.

युक्तिवाद व प्रतिवाद : स्थायीकरणाच्या विरोधकांचा मुख्य मुद्दा वगळल्या गेलेल्यांचा आहे. तात्पुरत्या नेमणुका पुष्कळदा ओळखीपाळखीने, स्थानिक पुढाऱ्यांच्या शिफारशीने वा आरक्षणाची बिंदुनामावली न पाळता होतात. त्या कायम केल्या, तर ज्याने ओळख नसल्यामुळे अर्जही केला नाही, त्या उमेदवाराचा हक्क कायमचा बुडतो आणि मागासवर्गीयांच्या वाट्याची पदे अदृश्य होतात. शिवाय निवडणुकीच्या तोंडावर होणाऱ्या घोषणांमुळे भरती हे राजकीय अनुग्रहाचे साधन बनते. दुसरा मुद्दा पात्रतेचा आहे. १ सप्टेंबर २०२५ च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने सेवेत असलेल्या व निवृत्तीस पाच वर्षांहून अधिक अवधी असलेल्या कायम शिक्षकांनाही पात्रता परीक्षा आवश्यक मानली. त्यावरून दीर्घ सेवा ही अर्हतेला पर्याय होऊ शकत नाही, ही भूमिका स्पष्ट होते.

समर्थकांचे म्हणणे असे की, तात्पुरती नेमणूक स्वीकारणाऱ्यास तिचे स्वरूप ठाऊक होते, हा युक्तिवाद अर्धसत्य आहे. नियमित भरतीच होत नसेल, तर उमेदवारापुढे दुसरा पर्याय नसतो. करारातील दोन पक्ष समबल नसतात. पंचविशीत नेमलेला शिक्षक चाळिशीत भरतीच्या वयोमर्यादेबाहेर जातो, म्हणजे राज्यसंस्थेने त्याची स्पर्धेची वर्षेच वापरून टाकलेली असतात. दरवर्षी ज्याचा परिणाम तपासून ज्याची नेमणूक वाढविली, तो अयोग्य होता असे पंधरा वर्षांनी म्हणणे हे त्याला नेमणाऱ्या यंत्रणेचेच अपयश ठरते.

अध्यापनाच्या गुणवत्तेविषयीचे संशोधनही ह्या वादात उद्धृत केले जाते. कार्तिक मुरलीधरन व वेंकटेश सुंदररामन ह्यांनी आंध्र प्रदेशातील ग्रामीण शासकीय शाळांत केलेल्या प्रयोगात, जादा कंत्राटी शिक्षक मिळालेल्या शाळांतील मुलांची प्रगती अधिक झाली आणि कंत्राटी शिक्षक कायम शिक्षकांपेक्षा कमी गैरहजर राहिले, असे आढळले. केन्यातील एका पाहणीत मात्र स्वयंसेवी संस्थेने राबविलेल्या कंत्राटी योजनेचा लाभ दिसला, पण तीच योजना शासनाने राबविली असता लाभ आढळला नाही. ह्यांवरून दोन गोष्टी सावधपणे म्हणता येतात. कंत्राटी शिक्षक निकृष्ट असतो, हा समज निराधार आहे. परंतु त्याच्या मेहनतीचे श्रेय असुरक्षिततेस देऊन ती चिरकाल चालू ठेवावी, असा निष्कर्ष त्यांतून निघत नाही. कारण ती मेहनत बहुधा कायम होण्याच्या आशेवरच उभी असते.

मूल्यमापन : दीर्घ सेवेमुळे कायम होण्याचा सरसकट हक्क मान्य केला, तर समान संधीचे तत्त्व पोकळ होते, दीर्घ सेवेला काहीच अर्थ नाही असे मानले, तर राज्यसंस्थेला स्वतःच्या नियमभंगाचा लाभ उठविता येतो. म्हणून प्रश्न वर्षांच्या संख्येवर सोडविण्यापेक्षा प्रवेशाच्या स्वरूपावर सोडविणे अधिक न्याय्य ठरते. जाहिरात, पात्रता, मंजूर पद आणि निवड ह्या चारही गोष्टी असतील, तर नेमणूकपत्रावरील ‘तात्पुरती’ हा शब्द काही ठराविक वर्षांनंतर निरर्थक ठरला पाहिजे. पात्रता व पद असून निवडीची पद्धत सदोष असेल, तर अनुभवास पुरेसा भारांश देणारी, वयाची अट शिथिल करणारी व मुदतीत पार पडणारी कसोटी हा योग्य मार्ग होय. पात्रताच नसेल, तर ती मिळविण्याची संधी, तोवर किमान वेतन आणि अपयश आल्यास सेवेच्या प्रमाणात भरपाई, एवढे राज्यसंस्थेचे कर्तव्य उरते; मुलांच्या शिक्षणाचा हक्क ह्याहून अधिक सवलतीस वाव ठेवीत नाही.

ह्या सर्वांहून महत्त्वाची बाब म्हणजे नव्या तात्पुरत्या नेमणुकांचे द्वार बंद करणे. २००९ च्या अधिनियमाच्या कलम २६ नुसार शाळेतील रिक्त पदे मंजूर पदांच्या दहा टक्क्यांहून अधिक राहता कामा नयेत. राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाच्या २०१९ मधील मसुद्यात निमशिक्षकांची पद्धत २०२२ पर्यंत बंद करण्याची शिफारस होती. कायद्यातील मर्यादा पाळली गेली आणि दरवर्षी ठराविक वेळी भरती झाली, तर दीर्घकाळ तात्पुरता असा शिक्षक निर्माणच होणार नाही. भरती न करता केवळ वेळोवेळी स्थायीकरण केले, तर एक पिढी आत घेताना दुसरी पिढी त्याच उंबरठ्यावर उभी केली जाते. अशा शाळेत शिक्षक दरवर्षी आपल्या नेमणुकीची वाट पाहतो आणि सत्राचे पहिले काही आठवडे मुले शिक्षकाची वाट पाहतात. ह्या प्रश्नात मुलांचे हित गुंतलेले आहे ते मुख्यतः ह्या कारणाने.